धगोबाच्या देशातले आठ वार

भिंगमामांच्या घरी रविवार यायचा नाही असं नाही. यायचा, पण मामांना विचारून यायचा नाही. कधी ते डोक्यावरून पांघरूण घेऊन घोरत असताना येऊन जायचा, कधी ते कारखान्यात शर्टाच्या बाहीनं घाम पुसत असताना. बायको आणि लेक दोघीच नटूनथटून बागेत जायच्या, आणि मग लग्नाला न आलेल्या पाहुण्याला जेवणाचं वर्णन ऐकवावं तसं मामांना झोपाळ्याचं आणि आइस्क्रीमचं वर्णन ऐकवायच्या. मामा "हं, हं" करत ऐकायचे. मनातून मात्र त्यांना ते फार लागायचं.

मामा बाटल्यांच्या कारखान्यात भट्टीवर होते. काचेची भट्टी एकदा पेटवली की वर्षानुवर्षं विझवत नाहीत. विझली तर आतली काच थिजते आणि भट्टीचंच वाटोळं होतं. म्हणून तिच्यापाशी रात्रंदिवस कुणीतरी लागतं. भिंतीतली तळहाताएवढी झडप उघडायची, निळ्या काचेचा तुकडा डोळ्यापुढे धरायचा आणि आतल्या ज्वाळा नीट आहेत ना ते पाहायचं. नुसत्या डोळ्यांनी पाहिलं तर पुढं काही पाहायला डोळे शिल्लक राहायचे नाहीत. हा निळा तुकडा मामांच्या खिशातून सदानकदा डोकवायचा, म्हणून गल्लीतल्या पोरांनी त्यांचं नाव भिंगमामा ठेवलं. ते भिंग नव्हतं हे मामांनी सुरुवातीला दोन-चार जणांना समजावून सांगितलं, पण चिकटलेलं नाव खरवडत बसायला कुणाला वेळ असतो? पुढं कारखान्यातही तेच चालू झालं.

पाळ्यांचा फेरा असा होता: दोन दिवस पहिली पाळी, दोन दिवस दुसरी, दोन दिवस रात्रपाळी आणि मग दोन दिवस सुट्टी. म्हणजे झाले आठ. आता जगाचा आठवडा सातांचा आणि मामांचा आठांचा, तेव्हा त्यांची सुट्टी दर खेपेला एकेक वार पुढं सरकायची. सोमवार-मंगळवारी असलेली सुट्टी पुढच्या वेळी मंगळवार-बुधवारी. शनिवार-रविवार जुळून येईपर्यंत माणसाला सुट्टी म्हणजे काय याचाच विसर पडावा. बायको औषधांच्या दुकानात कामाला. तिची सुट्टी दर रविवारी, खुंटीला टांगल्यासारखी पक्की.

लेकीचं घरातलं नाव खारू. दात येत होते तेव्हा दोन्ही गालांत पावाचे तुकडे साठवून ती घरभर फिरायची, त्यावरून पडलेलं. ही खारू चार वर्षांची असताना एकदा मामा दुसऱ्या पाळीला निघाले, तर दारात येऊन तिनं त्यांचा डबा धरून ठेवला आणि विचारलं, "बाबा, तू आमच्या घरी राहायला कधी येणार?"

बायको हसली. मामाही हसले. हसत हसत जिना उतरले, कोपऱ्यापर्यंत गेले आणि तिथं बस समोरून निघून गेली तरी त्यांना हात करायचं सुचलं नाही. आमच्या घरी, म्हणाली पोर. भाडं, शाळा, बूट, सगळं ज्याच्या घामावर चाललेलं, तो माणूस पाहुणा ठरला होता. त्यांनी त्या दिवशी एकच गोष्ट ठरवली: पोर परकी होऊ द्यायची नाही. कशी, ते काही ठरलं नव्हतं.

ते सुचलं पुढच्या सुट्टीत. बुधवार होता. खारूनं विचारलं, "आज रविवार नाही, तर तू घरी कसा?"

"कारण आज मांजरवार आहे," मामा म्हणाले. हे त्यांच्या तोंडून कसं निघालं ते त्यांचं त्यांनाही शेवटपर्यंत कळलं नाही. पण एकदा निघालं म्हटल्यावर निभावणं आलं.

मग त्यांनी सांगितलं की कारखान्याच्या भट्टीत धगोबा नावाचा एक प्राणी राहतो. तो वाळू खातो आणि बाटल्या देतो. त्याला फार भडकू द्यायचं नाही आणि गारही पडू द्यायचं नाही. म्हणून भट्टीखालच्या देशातले आठ पहारेकरी पाळीपाळीनं त्याच्याजवळ बसतात. ज्याचा पहारा, त्याच्या नावाचा वार. पहिल्या पाळीला पहाटे उठावं लागतं, तेव्हा ते दोन दिवस कोंबडवार आणि मुंगीवार. दुसरी पाळी दुपारी सुरू होते, म्हणून म्हैसवार आणि कासववार, कारण दुपारच्या वेळी या दोघांवर कितीही ओरडा, ते घाई करत नाहीत. रात्रपाळीला घुबडवार आणि वाघूळवार. वाघूळवारची रात्र संपवून मामा सकाळी घरी आले की उजाडायचा मांजरवार, त्यात नुसतं अंग पसरून पडायचं. आणि सगळ्यात शेवटी माकडवार. त्या दिवशी काय करायचं ते माकडाला शिकवावं लागत नाही.

खारूनं हे सगळं डोळे विस्फारून ऐकलं आणि फक्त एक शंका काढली. "मग रविवार कुणाचा?"

"तो आईचा. आईच्या देशातला. तिथं सातच पहारेकरी आहेत, गरीब देश आहे."

आतून बायको म्हणाली, "गरीब तर गरीब. निदान आमच्याकडे लोक वेळेवर जेवतात."

असं ते सुरू झालं, आणि सुरू झाल्यावर वाढत गेलं. ज्याला गोष्ट सांगायची सवय नसते तो एकदा सांगायला लागला की आवरत नाही, तसं मामांचं झालं. भट्टीसमोर आठ तास उभं राहायचं, हातात काम आणि डोकं मोकळं. देशाला वार झाले, आता महिने हवेत. महिने त्यांनी काचेच्या रंगांवरून पाडले. कारखाना काही आठवडे हिरव्या बाटल्या काढायचा, मग तपकिरी, मग पांढऱ्या, म्हणजे बिनरंगाच्या. त्यावरून हिरवा महिना, मधाचा महिना आणि पाण्याचा महिना. महिना किती दिवसांचा? ते धगोबालाच ठाऊक. बाटल्यांची मागणी असेल तोवर.

यातली खरी गंमत मधल्या दिवसांत होती. भट्टीतला रंग एकदम बदलत नाही. हिरव्यातून तपकिरीवर जायचं तर मधे काही दिवस ना धड हिरवी ना धड तपकिरी, अशी गढूळ काच निघत राहते. त्या बाटल्या कुणी विकत घेत नाही. त्या तिथल्या तिथं फोडतात आणि पुन्हा भट्टीत टाकतात. मामांनी या दिवसांना नाव दिलं चुकार दिवस, आणि देशाचा कायदा केला: चुकार दिवसांत जो आपली चूक सांगेल, त्याला कुणी रागवायचं नाही. चूकही फोडायची आणि धगोबाच्या तोंडात टाकायची.

खारूनं हा कायदा फार मनावर घेतला. ती चुका साठवून ठेवायला लागली. कपाटामागं लपवलेली फुटकी बशी, भिंतीवर काढलेला आणि मग खुर्चीनं झाकलेला घोडा, शेजारच्या काकूंच्या कुंडीतलं तोडलेलं फूल. मामा कामावरून येऊन "रंग बदलायला लागला बरं का," म्हणाले की ती समोर उभी राहून घडाघडा सगळं ओकून टाकायची आणि हलकी होऊन खेळायला पळायची. एकदा अशाच चुकार दिवशी बायको पाणी पिता पिता सहज म्हणाली, "तुमचा तो निळा स्वेटर हरवला नाही. मी गरम पाण्यात टाकला होता. आता तो खारूच्या बाहुलीला येतो." मामा दोन वर्षं तो स्वेटर कारखान्यात शोधत होते, आणि जोडीदारावर, म्हणजे भट्टीवर त्यांच्याबरोबर असणाऱ्या जाड्यावर, त्यांचा संशय होता. त्यांनी तोंड उघडलं. मग कायदा आठवून मिटलं.

वर्षांच्या बाबतीत मात्र गाडं अडलं. मामांनी उत्साहाच्या भरात जाहीर केलं की भट्टी पेटल्यापासून ती विझवून आतल्या विटा नव्यानं लावेपर्यंत धगोबाचं एक वर्ष. त्याला दहा-बारा वर्षं लागतात. या हिशेबानं मामा स्वतः तीन वर्षांचे निघाले, शेजारचे आजोबा सहा-सात वर्षांचे आणि खारू शून्य. शून्य म्हटल्यावर तिचा चेहरा पडला. केक कधी कापायचा मग? बराच वेळ तह चालला. शेवटी वाढदिवस आईच्या देशातून आणायचे असं ठरलं. आईच्या देशाची एवढी तरी किंमत राहिली म्हणून बायकोनं समाधान मानलं.

तर घरात असे दोन देश नांदत होते, आणि भांडण नव्हतं. खारूला आता बाबा कधी घरी असतो ते तोंडपाठ होतं. वाघूळवारी दुपारी घरात आवाज करायचा नाही, मुंगीवारी संध्याकाळी बाबा शाळेतून घ्यायला येतो, माकडवारी बाबा सबंध दिवस आपला. पुन्हा कधी तिनं "आमच्या घरी" म्हटलं नाही. मामांचा जीव भांड्यात पडला.

पण निस्तरायचं काही राहतंच. खारू पहिलीत गेली आणि बाईंनी वर्गात वार विचारले. खारूनं उभं राहून आठ वार सांगितले, तेही अभिमानानं. वर्ग खदाखदा हसला. बाईंना वाटलं मूल वात्रट आहे. मग लक्षात आलं की तिला सोमवारनंतर काय येतं ते खरोखरच सांगता येत नाही. मामांना बोलावणं गेलं. रात्रपाळी करून, दाढी वाढलेली, डोळे तारवटलेले, असे ते वर्गातल्या बुटक्या खुर्चीत गुडघे हनुवटीला लावून बसले.

"तुम्ही मुलीला खोटं शिकवताय," बाई म्हणाल्या.

"खोटं नाही हो, जादाचं आहे थोडं. तुमचे सात आहेतच, त्यावर एक."

"सात आहेतच ना? मग ते तिला कुणी सांगितले?"

मामांनी तर सांगितले नव्हते. ते बायकोवर सोडून मोकळे झाले होते आणि बायको शाळेवर. बाई काही दुष्ट नव्हत्या. त्यांनी चहा मागवला, मांजरवारचं ऐकून त्यांना हसूही आलं, पण म्हणाल्या की पोरीला तुमच्या देशाबाहेरही राहायचं आहे. मामांना ते पटलं. त्या आठवड्यात त्यांनी खारूला सोमवार ते रविवार घोकून घेतले, तेही परक्या देशाची राजधानी पाठ करून घ्यावी तसे.

वर्षं गेली. धगोबाच्या मापानं गेलं जेमतेम एक, पण आईच्या देशातली बरीच गेली. खारू उंच झाली, दार लावून बसायला लागली, कानांत वायरी घालायला लागली. एकदा तिची एक मैत्रीण घरी आलेली असताना मामा झोपेतून उठून आले आणि सवयीनं म्हणाले, "आज मांजरवार, मला कुणी काही सांगायचं नाही."

मैत्रिणीनं विचारलं, "काय वार?"

"बाबा, प्लीज," खारू म्हणाली. एवढंच. आवाज चढवला नाही, काही नाही. पण कान लाल झाले होते तिचे.

मामांनी त्या दिवसापासून वारांची नावं तोंडातून काढली नाहीत. रुसले नव्हते, समजूतदार माणूस होता. मुलं मोठी होतात, बापाच्या गोष्टी लहान होतात, हे त्यांनी जाड्याला स्वतःच समजावून सांगितलं होतं, जाड्याच्या मुलाच्या वेळी. स्वतःच्या वेळी ते तितकंसं समजेना. भट्टीची झडप उघडली की ते आपले मनातल्या मनात धगोबाला सांगायचे, आज कासववार. आणखी सांगायला कुणी राहिलं नव्हतं. त्यांना वाटायचं, चार वर्षांच्या पोरीनं दारात डबा धरून जे विचारलं होतं ते आपण फक्त काही वर्षं पुढं ढकललं.

सुट्टीच्या दिवशी खारू शाळेतून थेट घरी यायची आणि बाहेरच्या खोलीतल्या टेबलावर पुस्तकं पसरून बसायची. मामा तिथंच काहीतरी करत असायचे. इस्त्रीची वायर बदल, मटार सोल, स्टुलाचा पाय ठोक. दोघांत बोलणं म्हणजे "चहा?" आणि "नको." बाकी तिच्या कानांत वायरी. मामांना वाटलं, बिचारीच्या खोलीत उजेड कमी आहे म्हणून इथं येऊन बसावं लागतं, वर आपली ठोकाठोक. त्यांनी तिच्या खोलीत चांगला लख्ख दिवा बसवला. खारूनं दिव्याकडं पाहिलं, "छान आहे," म्हणाली आणि पुस्तकं घेऊन पुन्हा बाहेरच्या टेबलावर येऊन बसली. मग मामांनी तिच्या खोलीतली खुर्ची बदलली. तरी ती बाहेरच. काही माणसांना भट्टीतली ज्वाळा बोटभर हलली तरी दिसते, आणि नाकासमोरचं दिसत नाही.

खारू शाळेच्या फुटबॉलच्या संघात गोलकीपर होती. मामांना हे माहीत होतं, म्हणजे धुतलेले जाड हातमोजे दोरीवर वाळत घातलेले दिसायचे एवढं माहीत होतं. सामने नेमके त्यांच्या पाळ्यांत यायचे. एकदा खेळाच्या बाईंचा दुकानात फोन आला आणि बायको म्हणाली, "मला दुकान सोडता येत नाही, तुम्ही जाऊन या," तेव्हा मामा दुसऱ्या पाळीच्या आधी, सकाळचे मैदानावर गेले ते जरा कौतुकाचंच काही ऐकायला मिळेल अशा समजुतीनं.

बाई गळ्यात शिट्टी अडकवून चेंडूंत हवा भरत होत्या. कौतुकानं सुरुवात झाली खरी. अशी गोलकीपर आपल्याला मिळाली नव्हती, वगैरे. मग त्यांनी पंप खाली ठेवला.

"पण ती सरावाला येत नाही. रोज येते आणि मधेच दोन दिवस गुल. आधी मला वाटलं, क्लास असेल. पण क्लास असता तर वार ठरलेले असते ना? हिचं काही ठरलेलंच नाही. एकदा सोमवार-मंगळवार नव्हती. मी म्हटलं, पुढच्या सोमवारी धरते हिला. तर पुढच्या आठवड्यात सोमवारी हजर, आणि मंगळवार-बुधवार गायब. मग बुधवार-गुरुवार. मला वाटतं मुद्दाम माझी थट्टा करते. मधे एखादा आठवडा शनिवार-रविवारची सुट्टी सोडली तर सगळे दिवस येते. मला वाटतं सुधारली. की पुन्हा सुरू."

बाई वार सांगत गेल्या तसे मामा ते बोटांवर मोजत गेले.

"विचारलं तर म्हणते, घरी काम असतं. काय काम असतं हो घरी?"

मामा पंपाकडं पाहत होते. घरी काय काम असतं? मटार. स्टुलाचा पाय. चहा, नको.

"काही काम नसतं," ते म्हणाले.

"मग तिला सांगा. दुसरी मुलगी तयार होतेय. मोठा सामना जवळ आलाय. आता एक जरी दिवस चुकली तर मी दुसरीला उभी करणार. मला वाईट वाटेल, पण करणार."

मामा कारखान्यात गेले. झडप उघडली, निळी काच डोळ्यापुढे धरली आणि बराच वेळ तशीच धरून राहिले, इतका की जाड्या येऊन म्हणाला, "काय, आत कुणी ओळखीचं आहे का?" मामांना आनंद झाला होता. असा आनंद त्यांना पोर जन्मली तेव्हा झाला होता, त्यानंतर आत्ताच. त्यांना वाटत होतं की पोरगी देश सोडून केव्हाच निघून गेली, आणि ती तर एकही मांजरवार, एकही माकडवार न चुकवता तिथंच राहत होती. आणि त्याच वेळी त्यांना आनंदाची लाजही वाटली. आपल्याशेजारी मुकाट बसण्यासाठी पोर हातचा खेळ घालवत होती, आणि आपण तिला दिवे बसवून देत होतो.

दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांनी बायकोला सांगितलं. ती दुकानात जायची तयारी करत होती. केसांत पिन खोचता खोचता म्हणाली, "आत्ता कळलं का तुम्हाला?"

"म्हणजे? तुला माहीत होतं?"

"न कळायला काय झालं? एक तरी सुट्टी तिनं चुकवली का तुमची?"

"मग सांगितलं का नाहीस?"

बायको थांबली. "सांगितलं असतं तर तुम्ही त्याच दिवशी तिला मैदानावर हाकललं असतं. सराव बुडतोय हे मला माहीत नव्हतं, शपथेवर. मला वाटायचं, नुसती लवकर येते. तुम्ही दोघं त्या खोलीत बसलेले असायचात ना, मला बरं वाटायचं दुकानातून आल्यावर." मग पर्स उचलून म्हणाली, "पण आता तिला पाठवा. कसं ते तुमचं तुम्ही बघा. मला त्या देशाचे कायदे येत नाहीत."

पुढचा मांजरवार गुरुवारी आला. मामा सकाळी रात्रपाळीहून आले, पण झोप धड लागली नाही. पोरीला "जा" म्हणायचं, म्हणजे आपणच तिला दार दाखवल्यासारखं होणार. न म्हणावं तर तिची जागा जाणार. चार वाजता खारू आली, दप्तर टेबलावर टाकलं आणि पाहिलं तर बाबा बूट घालून दारात उभे.

"कुठं निघालास?"

"तुझ्याबरोबर. मैदानावर."

"आज सराव नाही."

"आहे. बाई भेटल्या होत्या मला."

खारू खुर्चीत बसली. कानांतल्या वायरी काढल्या, बोटाला गुंडाळल्या, सोडल्या. मामांना वाटलं आता चिडणार. ती टेबलाकडं पाहत हळूच म्हणाली, "मांजरवारी कुणी घराबाहेर पडत नाही. तूच सांगितलंस."

कितीतरी दिवसांनी तो शब्द त्या घरात कुणी उच्चारला होता.

"मीच सांगितलं, तर मीच बदलतो. मांजरानं कुठं पडायचं ते मांजराचं मांजर बघेल. ऊठ, हातमोजे घे."

"तू दोन रात्री झोपला नाहीस, बाबा."

"तिथं बाक असेल ना एखादं?"

बाक नव्हतं. गोलच्या जाळीमागं बाटल्यांचं एक रिकामं क्रेट पडलं होतं, ते पालथं घालून मामा त्यावर बसले. समोर जाळी, जाळीपुढं खारूची पाठ. इतक्या जवळून आणि इतका वेळ त्यांनी तिला कितीतरी दिवसांत पाहिलं नव्हतं. खांदे रुंद झाले होते तिचे. उजव्या पायाची टाच ती सारखी जमिनीत रुतवत होती.

चेंडू पलीकडं होता तेव्हा तिनं मान वळवून मागं पाहिलं. मामांनी हात केला. थोड्या वेळानं पुन्हा पाहिलं. मामांचा डोळा लागत होता, मान खाली गेली होती. ती उचलून पाहतात तो पोर तिसऱ्यांदा मागं वळलेली, आणि तेवढ्यात समोरून आलेला चेंडू तिच्या कानाजवळून सुसाट येऊन जाळीत बसला, मामांच्या नाकापासून वीतभर अंतरावर. खेळाच्या बाईंनी शिट्टी फुंकली आणि मैदानाच्या त्या टोकावरून ओरडल्या, "समोर बघ, समोर. मागं काय ठेवलंय तुझं?"

पलीकडं एक मुलगी हातमोजे घालून, कोपर ताणत उभी होती. मामांनी तिच्याकडं पाहिलं, बाईंकडं पाहिलं, आणि मग जाळीतून दिसणाऱ्या पोरीच्या मानेकडं पाहिलं. त्यांना उमगलं की ही आपण झोपलो का ते बघत नाही. आपण आहोत का ते बघते आहे.

ते क्रेट ओढत जाळीला अगदी खेटून बसले.

"खारू, मी इथंच आहे. तू समोर बघ."

ती वळली नाही, पण टाच रुतवायची थांबली.

"मी बोलत राहतो," मामा म्हणाले. "आवाज येतोय तोवर मी आहे. तू मागं बघायचं नाही." आणि बोलत राहायचं म्हणजे काय बोलायचं? सुचेना. मग त्यांनी जे होतं ते सांगायला घेतलं. वाळूची गाडी काल उशिरा आली. नवा साहेब आलाय, तो भट्टीजवळ यायला घाबरतो आणि लांबूनच हात हलवतो. जाड्याचा दात दुखतो, गाल सुजून एवढा झालाय, तरी दवाखान्यात जायचं नाव नाही, लवंग धरून बसतो. झोपेनं जीभ जड झाली होती, मधेच शब्द सुटत होते, तरी मामा थांबले नाहीत. समोर चेंडू आला. खारू डावीकडं झेपावली, छातीशी धरून उठली, लांब भिरकावला आणि गुडघ्यावरची माती झाडत पुन्हा आपल्या जागी येऊन उभी राहिली, समोर बघत.

"मग?" ती म्हणाली. "जाड्याकाकांनी दात काढला का नाही?"